पडला तो उठला! : आरंभीच्या फ्रेंच मूकपटांतील धसमुसळा विनोद

'विनोदाचे प्रकार सांगा' असा प्रश्न आला, की आपण कला शाखेचे विद्यार्थी डोळे मिटून तीन नावे लिहून मोकळे होतो : शब्दनिष्ठ, प्रसंगनिष्ठ आणि स्वभावनिष्ठ. त्यांची प्रतवारीही आपल्याला पाठ असते. स्वभावनिष्ठ विनोद सर्वांत श्रेष्ठ, प्रसंगनिष्ठ मध्यम आणि कोट्यांवर जगणारा शब्दनिष्ठ त्याहून जरा हलका. पण भर रस्त्यात केळीच्या सालीवरून घसरून पडणारा गृहस्थ या तिन्हींपैकी कोणत्या रकान्यात बसवायचा? त्याच्या तोंडी एकही शब्द नाही. त्याचा स्वभाव आपल्याला ठाऊक नाही. आणि प्रसंग म्हणावा, तर तो डोळ्याचे पाते लवण्याआधी संपलेला! मग आपण त्याच्या नावापुढे 'पाचकळ', 'अंगविक्षेपी', 'निव्वळ धांगडधिंगा' अशी विशेषणे लावतो आणि त्याला वर्गाबाहेर उभे करतो.

बाहेर उभ्या केलेल्या या विनोदाची बाजू थोडी मांडावी, एवढाच या लेखाचा हेतू आहे. त्यासाठी मी १८९५ ते १९१४ या काळातील फ्रेंच मूकपटांचा आधार घेणार आहे. पडद्यावरच्या धसमुसळ्या विनोदाचे नाव काढले, की आपल्यापुढे चार्ली चॅप्लिन आणि लॉरेल-हार्डी उभे राहतात आणि हे सारे अमेरिकेत जन्मले असे आपण गृहीत धरतो. परंतु चॅप्लिनने कॅमेऱ्यापुढे पहिले पाऊल टाकले ते १९१४ साली. त्याआधीची जवळजवळ वीस वर्षे पॅरिस आणि नीस या शहरांत माणसे कॅमेऱ्यापुढे पडत होती, धडपडत होती, पाण्यात बुडत होती, धुराड्यातून बाहेर येत होती. आणि त्यांना पाहून सारे जग हसत होते.

या विनोदाला इंग्रजीत 'स्लॅपस्टिक' म्हणतात. मूळ शब्द एका छडीचा आहे. इटलीच्या जुन्या मुखवट्यांच्या नाटकात विदूषकाच्या हाती एक छडी असे. दोन पातळ फळ्या मुठीशी एकत्र बांधलेल्या आणि पुढे मोकळ्या. ती कोणाच्या पाठीत हाणली की फळ्या एकमेकींवर आपटून फाडकन आवाज येई. ज्याला बसली त्याला मात्र फारसे काही लागत नसे. या छडीतच या विनोदाचे सारे मर्म साठवलेले आहे असे मला वाटते. आवाज मोठा, इजा नाही. मार खाणारा कोलमडतो, पण पुढच्या क्षणी कपडे झटकून उभा राहतो. 'पडलेला उठला पाहिजे' हा या विनोदाचा पहिला आणि शेवटचा कायदा आहे.

गंमत अशी, की हा विनोद पडद्यावर आला तेव्हा त्या छडीचा आवाजच गेला! मूकपटाला वाचा नव्हती. 'फाडकन', 'धाडकन', 'खळ्ळकन' हे सगळे आता कानांऐवजी डोळ्यांना ऐकू यायला हवे होते. तेवढा आवाज शरीरानेच काढायचा, आणि तोही मुक्याने. आरंभीच्या फ्रेंच विनोदी नटांची कामगिरी नेमकी ही आहे.

माळी आणि पोरगा

२८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसच्या ग्राँ काफेच्या तळघरात ल्युमिएर बंधूंनी तिकीट लावून दहा छोट्या चित्रफिती दाखवल्या. कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार, बाळाचे जेवण, समुद्रातील स्नान अशी ती साधीसुधी दृश्ये होती. त्यांतील एकीतच बेतलेली गोष्ट होती. एक माळी नळीने बागेला पाणी घालतो आहे. मागून एक पोरगा येतो आणि नळीवर पाय देतो. पाणी थांबते. माळी नळीचे तोंड डोळ्यांसमोर धरून आत पाहतो. पोरगा पाय काढतो, आणि पाण्याचा फवारा थेट माळ्याच्या तोंडावर! टोपी उडते, माळी पोराला पकडतो, चोप देतो. सारा खेळ एका मिनिटाच्या आत संपतो. सिनेमातला पहिला विनोद म्हणून या चित्रफितीचा उल्लेख होतो.

हा विनोद काही ल्युमिएरांनी शोधलेला नव्हता. फ्रान्समधील चित्रमालिकांच्या कागदांवर तो आधीच छापून गेलेला होता. मग पडद्यावर नवे काय घडले? पाहणाऱ्याला वाट पाहावी लागली. कागदावर चारही चित्रे एकदमच डोळ्यांपुढे असतात. पडद्यावर मात्र पोरग्याचा पाय नळीवर पडलेला आपल्याला दिसतो, माळ्याला दिसत नाही, आणि त्या दोहोंमध्ये काही क्षण जातात. आपल्याला ठाऊक आणि त्याला ठाऊक नाही, या अंतरात हसू तयार होते. फवारा म्हणजे केवळ त्याचा स्फोट.

आणखी एक गोष्ट मी ही चित्रफीत पुन्हा पुन्हा पाहताना टिपली. पोरगा पळतो तो चित्रचौकटीच्या कडेपर्यंत, आणि माळी त्याला तेथून ओढत पुन्हा कॅमेऱ्यापुढे आणून मग चोपतो. मार द्यायचा तर सर्वांसमक्ष! कॅमेरा हलू शकत नव्हता, तेव्हा माणसांनाच त्याच्याकडे यावे लागले. विनोदी नटाने कॅमेऱ्याचे भान ठेवायचे असते, हा धडा पहिल्याच मिनिटात गिरवला गेला.

पुढच्याच वर्षी, ७ जुलै १८९६ रोजी, ल्युमिएरांचे हे यंत्र मुंबईच्या वॉटसन हॉटेलात पोहोचले आणि एक रुपया दराने सहा चित्रफितींचा खेळ झाला. पॅरिसचा पडदा आणि मुंबईचा पडदा यांच्यामध्ये अवघ्या सहा-सात महिन्यांचे अंतर होते, हे आपण सहसा ध्यानात घेत नाही.

हसण्याचा कायदा

पडलेल्याला पाहून आपण हसतो यात क्रौर्य नाही का? हा प्रश्न जुना आहे. ॲरिस्टॉटलने 'काव्यशास्त्रा'त हास्यास्पद म्हणजे असा दोष, की ज्यात वेदना नाही आणि विनाशही नाही, अशी मर्यादा घालून दिली. आणि ज्या काळात हे मूकपट निघत होते, त्याच काळात, त्याच पॅरिसमध्ये, तत्त्वज्ञ हेन्री बर्गसाँ हास्यावरचा आपला प्रसिद्ध ग्रंथ सिद्ध करीत होता. तो १९०० साली प्रकाशित झाला. त्याच्या आरंभीच रस्त्याने धावता धावता अडखळून पडणाऱ्या माणसाचे उदाहरण आहे! बर्गसाँचे म्हणणे थोडक्यात असे : जिवंत माणूस परिस्थितीप्रमाणे लवचीकपणे वागतो, तो जेव्हा यंत्रासारखा, सवयीच्या वेगाने, समोरचे न पाहता पुढे जातो, तेव्हा तो हास्यास्पद होतो. हसण्यासाठी आपले अंतःकरण घटकाभर बधिर असावे लागते, असेही तो म्हणतो.

ही बधिरता कशी साधायची, हाच कळीचा मुद्दा आहे. पडणाऱ्याचे हाड मोडले असेल अशी शंका जरी आली, तरी आपले हसू तिथल्या तिथे विरते. म्हणून धसमुसळ्या विनोदाला प्रेक्षकाला सतत हमी द्यावी लागते, की याला काही होणार नाही. ही हमी फ्रेंच मूकपटांनी दोन मार्गांनी दिली. एक मार्ग नटाच्या कमावलेल्या अंगाचा, दुसरा कॅमेऱ्याच्या जादूचा.

डोंबारी आणि जादूगार

अंग कमावलेली माणसे सर्कस आणि संगीत-रंगभूमीवरून आली. पाते बंधूंची कंपनी १८९६ साली स्थापन झाली आणि दहा-बारा वर्षांत ती जगातली सर्वांत मोठी चित्रपटसंस्था झाली. कोंबडा हे तिचे बोधचिन्ह. १९०७ पर्यंत ही कंपनी चित्रफिती चक्क मीटरवर विकत असे, कापडासारख्या! जत्रेतले तंबूवाले त्या विकत घेत आणि गावोगाव दाखवीत. अशा गिऱ्हाइकाला हवी असे ती छोटी, कोणत्याही भाषेच्या माणसाला कळणारी आणि हमखास हसवणारी फीत.

पातेने १९०६ च्या सुमारास आंद्रे दीद या कसरतपटूला पुढे आणले. 'ब्वारो' हे त्याचे पडद्यावरचे नाव. ब्वारो हा उत्साही मूर्ख. तो मदत करायला जातो आणि घर खाली आणतो. १९०९ साली दीद इटलीत ट्यूरिनला गेला आणि तेथे 'क्रेतिनेत्ती' या नावाने आणखी गाजला. इंग्लंडमध्ये त्याच पात्राला 'फूल्सहेड' म्हणत, तर फ्रान्समध्ये 'ग्रिबूय'. प्रत्येक देशाने त्याला आपल्या भाषेतले येडबंबू नाव दिले. शब्दांवाचून चालणाऱ्या विनोदाला सीमा नसतात, याचे यापेक्षा चांगले उदाहरण कोणते? १९०९ च्या एका चित्रपटात बायका त्याच्यावर इतक्या भाळतात, की पाठलाग करून त्याचे अक्षरशः तुकडे करतात. त्या निघून गेल्यावर हात, पाय, डोके आपापल्या जागी परत येतात आणि तो उठून चालू लागतो! पडलेला उठला पाहिजे, हा कायदा इतका ठाम, की तुकडे झाले तरी त्याला अपवाद नाही.

येथे दुसरा मार्ग येतो, तो जादूचा. जॉर्ज मेलिएस हा मूळचा जादूगार. कॅमेरा मध्येच थांबवून माणसाच्या जागी बाहुला ठेवायचा आणि पुन्हा चालू करायचा, ही युक्ती त्याने नावारूपाला आणली. १९०१ साली त्याने एका चित्रपटात स्वतःचेच डोके भात्याने फुगवून फोडून दाखवले. विनोदी चित्रपटांनी ही युक्ती लगेच उचलली. कड्यावरून पडतो तो बाहुला, खाली उठून पळतो तो नट. मधला सांधा आपल्याला दिसत नाही.

१९०७ सालचा पातेचा पोलिसांच्या पाठलागाचा चित्रपट घ्या. फेर्दिनां झेका हे नाव त्याच्याशी जोडले जाते. कुत्रा खाटकाच्या दुकानातून मांसाचा तुकडा पळवतो आणि गणवेशातले पोलीस त्याच्या मागे लागतात. कुत्रा इमारतीच्या भिंतीवर सरळ चढतो. पोलीसही भिंत चढतात. हे कसे केले? इमारतीचे रंगवलेले चित्र जमिनीवर अंथरले आणि कॅमेरा वरून खाली रोखला. पोलीस जमिनीवर रांगत होते, आपल्याला ते भिंतीवर चढताना दिसतात. पुढे पारडे फिरते, आणि कुत्राच पोलिसांच्या मागे लागून त्यांना ठाण्यात परत पिटाळतो!

धावा, धावा!

अशा पाठलागांनी त्या काळचा पडदा भरून गेला होता. १९०५ सालच्या पातेच्या एका चित्रपटात एक गृहस्थ वधू पाहिजे अशी जाहिरात देतो आणि दहा उमेदवार बायका त्याच्या मागे लागतात. हा विषय आधी अमेरिकेत निघालेल्या चित्रपटावर बेतलेला होता. पाठलाग एवढा लोकप्रिय का झाला? मला त्याचे कारण केवळ गंमत हे वाटत नाही. त्या वेळी सिनेमा एका दृश्याला दुसरे दृश्य कसे जोडावे हे शिकत होता. एक माणूस पुलावरून धावत डावीकडून निघून गेला आणि पुढच्या दृश्यात तोच बाजारात उजवीकडून आला, तर तो तेथेच पुढे पोहोचला हे प्रेक्षकाला सांगावे लागत नाही. पाठलाग करणाऱ्यांची रांगच दोन जागांना दोऱ्यासारखी शिवते. गोष्ट अनेक ठिकाणी घडत असूनही एकच आहे, ही समज प्रेक्षकांना देण्यात या पाठलागांचा वाटा मोठा आहे. हसता हसता ते सिनेमाचे व्याकरण शिकले!

पातेची प्रतिस्पर्धी गोमाँ कंपनी. तिच्या निर्मितीची सूत्रे १९०७ पर्यंत आलिस गी या बाईंकडे होती. जगातील पहिल्या स्त्री-दिग्दर्शिका म्हणून त्यांचे नाव आता आदराने घेतले जाते. त्यांचा १९०६ चा गादीचा चित्रपट मला फार आवडतो. एक बाई उघड्यावर गादी भरते आहे, आपल्याकडचा पिंजारी बसतो तशी. ती घटकाभर दूर जाते, तेवढ्यात एक झिंगलेला गृहस्थ येऊन गादीच्या कापसात झोपतो. बाई परत येते आणि न पाहता गादी शिवून टाकते. मग ती गादी पाठीवर घेऊन पॅरिसभर फिरणे आले. आणि गादी चालते, उडते, गडगडते, बाईला घेऊन खाली लोळते. आपल्याला आत माणूस आहे हे ठाऊक, बाईला नाही. ही पुन्हा माळ्याचीच गोष्ट झाली. फक्त नळीच्या जागी गादी आली आणि एका बागेच्या जागी सारे शहर.

गोमाँचाच १९०८ चा भोपळ्यांचा चित्रपट त्याहून अचाट आहे. गाडीतून भोपळे घरंगळतात आणि गावभर पळतात. उतारावर पळतात तसेच चढावरही, खिडक्यांतून, गटारातून, धुराड्यातून. माणसे मागे, आणि गाडीचे गाढवही त्यांच्याबरोबर फरपटत! शेवटी फीत उलटी फिरते आणि भोपळे आपणहून गाडीत येऊन बसतात. विस्कटलेले जग पुन्हा जसेच्या तसे होते. आपला कायदा येथे वस्तूंनाही लागू झाला.

रोमेओ बोझेत्ती, झाँ द्यूराँ ही या कारखान्याची मोठी नावे. द्यूराँने १९१२ साली 'ओनेझिम' या पात्राला घेऊन घड्याळाची गोष्ट सांगितली. भूमिका एर्नेस्त बूरबाँची. ओनेझिमला वीस वर्षांनी वारसा मिळायचा आहे. एवढी वाट कोण पाहणार? तो पॅरिसची वेळ ठरवणाऱ्या मुख्य घड्याळातच ढवळाढवळ करतो. शहर भिंगरीसारखे फिरू लागते. माणसे भराभरा धावतात, लग्न क्षणात होते, मूल पाहता पाहता बापाएवढे होते, आणि वीस वर्षे उलटून वारसा हाती येतो!

येथे एका गैरसमजाबद्दल बोलले पाहिजे. जुने मूकपट म्हणजे तुरुतुरु पळणारी माणसे, अशी आपली समजूत असते. त्या काळी कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवीत, साधारण सेकंदाला सोळा चित्रे या बेताने. पुढे बोलपटाच्या काळात तीच फीत सेकंदाला चोवीस चित्रांच्या वेगाने दाखवली गेली, म्हणून सगळेच धावू लागले. योग्य वेगाने पाहिले तर बहुतेक माणसे आपल्यासारखीच चालतात. ओनेझिमच्या शहराचा वेग मात्र मुद्दाम वाढवलेला आहे. पहिली धावपळ यंत्राची चूक आहे, दुसरी दिग्दर्शकाची कला. आपण दोन्हींना एकाच तागडीत तोलतो.

घर फोडणाऱ्या बायका

या विनोदात पुरुषच होते असेही नाही. १९१० च्या सुमारास पातेने नीस येथे विनोदी चित्रपटांचा खास विभाग उघडला आणि बोझेत्ती त्याचा प्रमुख झाला. तेथून रोझाली आणि लेओंतीन या दोन नायिका आल्या. सारा द्यूआमेल ही गुबगुबीत नटी रोझाली होई. लेओंतीन ही व्रात्य पोर. १९११ च्या एका चित्रपटात तिला खेळातली होडी सोडायची असते, म्हणून ती घरात पाणी भरते आणि घराचे मजले कोसळवते. त्याच वर्षी रोझाली आणि लेओंतीन मिळून नाटकाला जातात. त्यांच्या हसण्या-रडण्याने प्रेक्षागृहात असा गोंधळ माजतो, की कोणाला नाटकच पाहता येत नाही. १९१२ मध्ये क्यूनेगाँद नावाची मोलकरीण, मालक-मालकीण घराबाहेर पडताच, आपले सगळे नातेवाईक त्या सजवलेल्या घरात मेजवानीला बोलावते.

या विनोदात नेमके काय मोडते ते पाहा. काचसामान, उंची गालिचे, टोप्या, गणवेश, बैठकीची खोली. ज्या वस्तूंच्या आधाराने माणूस प्रतिष्ठित दिसतो, त्या वस्तू मोडतात. आणि मोडतात त्या बहुधा मोलकरणीच्या, पोराच्या किंवा भटक्या कुत्र्याच्या हातून. झोडपला जातो तो रुबाब. म्हणूनच हा विनोद दुबळ्याला पाडणारा नाही असे मला वाटते. भिकारी पडला तर आपण हसत नाही. उंच टोपीवाला पडला तर हसतो. कारण त्याला पडायला उंची असते.

उंच टोपीचा मॅक्स

आणि उंच टोपीवाल्यांचा राजा म्हणजे मॅक्स लिंडर. १८८३ साली बोर्दोजवळच्या गावी द्राक्षमळेवाल्याच्या घरी जन्मलेला हा तरुण १९०५ मध्ये पातेकडे आला. १९०७ साली तो बर्फावर घसरपट्टीचे बूट घालून प्रथमच उतरलेल्या नवशिक्याच्या भूमिकेत दिसला. रेशमी उंच टोपी, लांब कोट, हातमोजे, छडी, कोरलेली मिशी. दीद इटलीला गेल्यावर पातेचा हुकमी एक्का तोच झाला.

मॅक्सने या विनोदात कोणती भर घातली? त्याच्या आधीचे नट पडत. मॅक्स न पडण्याची शिकस्त करतो. ब्वारोला आपण मूर्ख आहोत याची पर्वा नाही. मॅक्सला पर्वा आहे. अब्रू हे त्याचे सर्वस्व आहे, आणि ती जाताना तो ती सावरू पाहतो. १९१० सालच्या एका चित्रपटात डॉक्टर त्याला गार पाण्याने स्नान करायला सांगतात. तो न्हाणीचे टब विकत घेतो, ओढत घरी आणतो. पण नळ कोठे? तो जिन्याजवळच्या सामायिक जागेत! मुंबईच्या चाळीत राहिलेल्यांना हे वेगळे समजावून सांगायला नको. अखेर मॅक्स टब तेथेच मांडून येणाऱ्या-जाणाऱ्यांच्या देखत आंघोळीला बसतो. बायका किंचाळतात, पोलीस येतात, टबासकट त्याला चौकीवर नेतात; आणि तो टब पाठीवर घेऊन कासवासारखा निसटतो, भिंत चढून.

गेल्या सत्रात हा चित्रपट मी वसतिगृहातील सहा-सात मित्रांना काहीही न सांगता दाखवला आणि त्यांच्याकडे पाहत बसलो. सर्वांत मोठा हशा कोठे आला? पोलीस आले तेथे नाही, पळापळीतही नाही. टबात उघडा बसलेला मॅक्स जिन्यावरून जाणाऱ्या शेजाऱ्याकडे, जणू काही विशेष घडलेच नाही अशा चेहऱ्याने पाहतो, तेथे. म्हणजे हसू आले ते सावरण्याला. शंभराहून अधिक वर्षांपूर्वीचा, परक्या देशातला, मुका विनोद. पण तो त्यांना समजावून द्यावा लागला नाही.

१९११ च्या आणखी एका चित्रपटात मॅक्सला औषधी मद्य रोज पेलाभर घ्यायचे असते. पेला एवढा मोठा, की पहिल्याच दिवशी तो तर्र होतो. रस्त्यावर तो बड्या लोकांशी भांडणे उकरतो आणि ते त्याला द्वंद्वासाठी आपापली नावपत्रे देतात. नंतर पोलीस त्याला पकडतात, खिशातले नावपत्र पाहतात, आणि सलाम ठोकून त्या-त्या बड्या गृहस्थाच्या घरी आदराने पोहोचते करतात! येथे पडझड आहेच, पण हसू येते ते पोलिसांच्या सलामाला. धसमुसळा विनोद येथे समाजावरील टीकेच्या उंबरठ्यावर येऊन उभा राहतो, आणि आपल्या पाठ्यपुस्तकातला स्वभावनिष्ठ विनोदही त्यातूनच उगवलेला दिसतो.

कायदा मोडला तेव्हा

१९१४ च्या ऑगस्टमध्ये महायुद्ध सुरू झाले. फ्रान्समध्ये सक्तीची सैन्यभरती झाली आणि चित्रपटांचे कारखाने थंडावले. नट, तंत्रज्ञ आघाडीवर गेले. आर्थिक कारणे तर होतीच. पण मला त्याहून खोल असे एक कारण दिसते. ज्या देशात लाखो तरुण पडत होते आणि उठत नव्हते, तेथे पडलेला उठतो ही हमी कोणाच्या बळावर द्यायची? ॲरिस्टॉटलची अटच मोडली होती. पडण्यात आता वेदना होती आणि विनाशही.

युद्धकाळातील सेवेत मॅक्स लिंडरची प्रकृती ढासळली, ती पुन्हा धड झाली नाही. १९१६ अखेर एसने या अमेरिकन कंपनीने, चॅप्लिन सोडून गेल्यामुळे रिकामी झालेली जागा भरायला, त्याला बोलावले. तीनच चित्रपट करून तो परतला. पुढे तो पुन्हा अमेरिकेत गेला आणि १९२१ मध्ये त्याचा 'सात वर्षांची साडेसाती' हा दीर्घ चित्रपट आला. नोकराच्या हातून आरसा फुटतो. मालकाला कळू नये म्हणून घरातला आचारी रिकाम्या चौकटीत उभा राहून दाढी करणाऱ्या मॅक्सची हुबेहूब नक्कल करतो. ही युक्ती १९३३ साली मार्क्स बंधूंच्या चित्रपटातही गाजली. पण लोकांचे लक्ष आता दुसरीकडे होते. कीस्टोन कंपनीच्या विनोदी पोलिसांचा जनक मॅक सेनेट याने आपण पहिल्या कल्पना पातेच्या चित्रपटांवरून घेतल्याचे पुढे आत्मचरित्रात मोकळेपणी कबूल केले. चॅप्लिनने आपले छायाचित्र मॅक्सला भेट देताना त्याला गुरू आणि स्वतःला शिष्य म्हटले. शिष्याचे नाव जगाला ठाऊक आहे. गुरूने ३१ ऑक्टोबर १९२५ रोजी पॅरिसमध्ये, वयाच्या एक्केचाळिसाव्या वर्षी, आयुष्य संपवले. त्याच दिवशी त्याच्या पत्नीचाही अंत झाला. त्यांची मुलगी मोद तेव्हा दीड वर्षाचीही नव्हती.

हाच या हकिकतीतला सर्वांत बोचणारा भाग आहे. पडद्यावर शेकडो वेळा उठून उभा राहिलेला माणूस प्रत्यक्षात उठू शकला नाही. पण मोदने एक काम केले. वडील आठवत नसलेल्या या मुलीने विखुरलेल्या, जीर्ण झालेल्या चित्रफिती आयुष्यभर गोळा केल्या. १९६३ मध्ये तिने त्यांचा एक संकलित चित्रपट काढला, १९८३ मध्ये वडिलांवर माहितीपट केला. २०१७ साली ती वारली. आज आपण मॅक्सला हसू शकतो, ते बऱ्याच अंशी तिच्यामुळे.

त्या काळातली फीत ज्वालाग्राही असे आणि तिची झीजही लवकर होई. विनोदी चित्रपट तर कोणी जपून ठेवण्याच्या लायकीचेच मानले नाहीत. नटांची नावेही पडद्यावर देत नसत. ज्या लेओंतीनने घरात पाणी भरले, त्या नटीचे खरे नाव अभ्यासकांना अद्याप सापडलेले नाही. २०२२ साली अशा धिंगाणा घालणाऱ्या मूकपट-नायिकांच्या ९९ चित्रपटांचा संच अमेरिकेत प्रसिद्ध झाला आणि लेओंतीन शंभर वर्षांनी पुन्हा लोकांपुढे आली. पण बिननावाचीच.

आपल्याकडेही हा प्रकार अनोळखी नव्हता. १९१४ च्या जानेवारीत दादासाहेब फाळके यांनी 'मोहिनी भस्मासुर' बरोबर 'पिठाचे पंजे' हा छोटा विनोदी मूकपट जोडला होता. पौराणिक चित्रपटाला छोट्या विनोदाची जोड द्यावी, ही प्रेक्षकांची आवड त्यांनी नेमकी ओळखली होती. पण फाळक्यांचे नाव घेताना आपण हरिश्चंद्राबद्दल भरभरून बोलतो. पिठाच्या पंजांबद्दल किती जण बोलतात?

तेव्हा माझी प्राध्यापकांना आणि सहाध्यायांना एवढीच विनंती आहे, की आपल्या त्या तीन रकान्यांशेजारी चौथा एक रकाना आखावा. त्याला 'देहनिष्ठ विनोद' म्हणा, हवे तर दुसरे नाव द्या. शब्दनिष्ठ विनोद भाषा येणाऱ्यांपुरता असतो आणि भाषांतरात मरतो. पडणाऱ्या माणसाला मात्र भाषा लागत नाही, आणि त्याला पाहणाऱ्यालाही शिक्षण लागत नाही. वजन सर्वांनाच असते, जमीन सर्वांनाच खाली ओढते, आणि पडल्यावर कोणी पाहिले तर नाही ना, म्हणून आपण सगळेच हळूच आजूबाजूला पाहतो. त्या पाहण्यातच मॅक्स लिंडर आहे.